आकाशाची स्थिती: उत्तम

मला राग आला की मी खडू मोडते, हे माझ्या वर्गातल्या पोरांना माहीत आहे. डिसेंबरच्या त्या दोन आठवड्यांत मी खडूची अख्खी पेटी मोडली.

आमच्या वस्तीत हायमास्ट बसला. चाळीस फुटी खांब आणि वर चारी दिशांना तोंडं केलेले सहा दिवे. समाजमंदिराच्या पुढं, अगदी डांबरी रस्त्याला लागून. खाली काळी चकचकीत कोनशिला, तिच्यावर अकरा नावं, आणि त्या अकरांत आमच्या वस्तीतलं एकही नाही. आता तुम्ही म्हणाल, दिवा आला तर या बाईच्या पोटात का दुखावं? दुखलं. लपवत नाही.

मी आम्रपाली. दहिवडीच्या हायस्कुलात विज्ञान शिकवते आणि तिथून अकरा किलोमीटरवरच्या आमच्या गावात, बौद्धवस्तीत, वडिलांबरोबर राहते. माझ्याकडे आठ इंची आरशाची दुर्बीण आहे. उभी केली की माझ्या छातीला लागते, पोरं तिला तोफ म्हणतात. चंद्र आणि शनी मी मागेल त्याला दाखवते, पण माझा जीव आहे तो फिकट गोष्टींत. तारकागुच्छ, तेजोमेघ, आपल्या आकाशगंगेसारख्या दूरच्या दीर्घिका. अडीचशे वर्षांपूर्वी मेसिए नावाच्या एका फ्रेंच माणसाला धूमकेतू शोधताना असे अंधुक ठिपके सारखे फसवायचे, म्हणून त्यानं वैतागून त्यांची यादीच केली. आज त्या यादीत एकशे दहा आहेत. मी अकरा वर्षांत एकशे नऊ पाहिले, आणि प्रत्येकाचं पेन्सिलीनं चित्र काढून वहीत ठेवलं. प्रत्येक पानावर चित्राच्या वर तीन रकाने असतात: तारीख, वेळ, आकाशाची स्थिती. तिसऱ्या रकान्यात मी जवळजवळ दर वेळी एकच शब्द लिहिला आहे, उत्तम.

राहिला होता चौऱ्याहत्तरावा. मीन राशीत एका ताऱ्याच्या शेजारी असलेली ही दीर्घिका इतकी फिकट आहे की तिच्याकडे सरळ बघितलं तर दिसतच नाही. नजर थोडी बाजूला ठेवावी लागते, मग ती कडेनं उगवते. डिसेंबरात रात्री आठच्या सुमाराला ती बरोबर डोक्यावर येते, आणि माझी दुर्बीण नेमकी डोक्यावरचं बघताना अडते. एका वर्षी ढग आले, एका वर्षी निवडणुकीची ड्यूटी लागली, गेल्या वर्षी आबांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन निघालं. यंदा अमावास्या एकोणीस तारखेला होती आणि मी रजेचा अर्जसुद्धा देऊन ठेवला होता. नऊ तारखेला, मंगळवारी, हायमास्टचं उद्घाटन झालं.

असा गडद अंधार माझ्या अंगणात कसा, हे मात्र मी कधी कुणाला सांगत नव्हते. पुण्याचे हौशी लोक गाड्या करून डोंगरावर जातात तसा अंधार शोधायला. मला तो घरबसल्या मिळत होता, कारण गावातले विजेचे खांब ओढ्यापर्यंत येतात आणि थांबतात. ओढ्याच्या पलीकडे आम्ही. माझे वडील, आबा, रेल्वेत गँगमन होते. निवृत्त होऊन गावी आल्यापासून दरवर्षी ते पंचायतीत एक अर्ज देत आले: पाण्याच्या नळाकडे जाणाऱ्या बोळात चार खांब आणि चार दिवे मिळावेत. नळाला पाणी संध्याकाळी सातला सुटतं. समाजमंदिराच्या भिंतीमागून जाणारा तो बोळ म्हणजे एका बाजूला गटार आणि खाली वर आलेले दगड. पंचवीस वर्षं एकच उत्तर यायचं, निधी उपलब्ध नाही. त्या सगळ्या अर्जांच्या नकला आबांच्या ट्रंकेत आहेत. आणि त्याच अंधारात उभी राहून मी वहीत उत्तम लिहीत होते.

उद्घाटनाला उपसरपंच मानसिंग आले. फेटे, हार, फोटोवाला. वस्तीतले सगळ्यात वडीलधारे म्हणून आबांना खुर्चीवर बसवलं आणि त्यांच्याच हातानं बटण दाबायला लावलं. दिवे लागले तेव्हा आबांच्या डोळ्यांत पाणी आलं. चौऱ्याऐंशी वर्षांचा माणूस, त्याला वाटलं आपला अर्ज पोचला. मानसिंग माइकवर म्हणाले, "आजपास्नं या वस्तीतला अंधार हद्दपार!" टायमर बसवायचा राहून गेला होता आणि रोज दिवे लावायला-विझवायला ओढा ओलांडून कोण येणार, म्हणून खांबाच्या पेटीची चावी त्यांनी फोटोवाल्याकडे तोंड करून आबांच्या हातात दिली. "आबा, आता मालक तुमी."

रात्री आठला मी दुर्बीण मागच्या अंगणात काढली. भिंत पांढरी, जमीन पांढरी, माझा हात पांढरा. मेषेचे दोन तारे तेवढे ओळखू आले. मीन रास गेली होती, जणू कधी नव्हतीच. मी दुर्बिणीला पोतं गुंडाळलं आणि आत आले. आबा खिडकीतून त्या दिव्याकडे बघत बसले होते. "कसा झगझगीत हाय, न्हाई?" ते म्हणाले. मी व्हय म्हटलं आणि त्यांच्या हातात जेवणाचं ताट दिलं.

दुसऱ्या दिवशी शाळेतून परस्पर पंचायतीत गेले. दिवे काढा असं मी म्हणत नव्हते. त्यांची तोंडं खाली करा, वर झाकण बसवा, निम्मा उजेड आभाळात चाललाय, एवढंच सांगत होते. ग्रामसेवक हसले. "मॅडम, उजेड जास्त झाला अशी तक्रार कुणी करतं का? रजिस्टरात तसला रकानाच नाही." मानसिंग तिथंच चहा पीत बसले होते. कपातून तोंड न काढता म्हणाले, "मॅडमला अंधार पायजे. कशाला पायजे, ते मॅडमलाच ठावं." सगळी खोली फिदीफिदी हसली. शिपाईसुद्धा हसला.

पंचेचाळिशीच्या, एकट्या, शिकलेल्या बाईला गप्प कसं करायचं हे या लोकांना कुणी शिकवावं लागत नाही. मी रागानं तिथून निघाले. पण खरं सांगू? निम्मा राग माझ्यावरच होता. चौऱ्याहत्तरावा दिसावा म्हणून मी भांडायला गेले होते, आणि हे मला उघड म्हणता येत नव्हतं. वस्तीत म्हटलं असतं तर लोकांनी काय ऐकवलं असतं? तुझ्या चांदण्यांसाठी आमी अंधारात मरायचं व्हय? म्हणून मी गप्प बसले, दोन दिवस.

शुक्रवारी संध्याकाळी पारूबाई पडली. पारूबाई आमच्या शेजारची, सत्तरीला टेकलेली. पाणी आणायला निघाली आणि बोळाच्या तोंडाशीच गटारात गेली. डावं मनगट मोडलं. मीच तिला दहिवडीला नेऊन प्लास्टर घालून आणलं. रिक्षात ती सारखी एकच सांगत होती.

"आगं, जलम गेला माजा त्या बोळानं ये-जा करण्यात. कवा ठेच लागली न्हाई. आज मेलं कायबी दिसंना. डोळ्याम्होरं नुस्तं काळंकुट्ट!"

 हे का झालं ते सगळ्या गावात मला एकटीला नीट माहीत होतं. दुर्बिणीला डोळा लावण्याआधी मी अर्धा तास अंधारात बसते. डोळ्याला अंधाराची सवय व्हायला तेवढा वेळ लागतो, आणि एक झगझगीत दिवा समोर आला की ती सवय क्षणात जाते. म्हणून तर माझ्या टॉर्चला लाल कागद आहे, लाल उजेडानं ती मोडत नाही. पारूबाई आजवर अंधारातून अंधारात जात होती, तिचे डोळे तयार असायचे. आता ती सहा दिव्यांच्या भडक्यातून निघून समाजमंदिराच्या भिंतीच्या सावलीत शिरत होती. दिवा रस्त्याकडे होता, बोळ भिंतीमागे. पूर्वीचा बोळ नुसता अंधारा होता, आता तो आंधळा करणारा झाला होता. मला हे पहिल्या रात्रीच कळायला हवं होतं. मी त्या रात्री मीन रास शोधत होते.

घरी येऊन मी आबांना सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि मग विचारलं, "हे तू पारूसाठी बोलतीस, का तुज्या त्या चांदण्यासाठी?"

"दोन्हीसाठी," मी म्हटलं. खोटं बोलावंसं वाटलं नाही.

ते उठले. काठी घेतली आणि खांबाखालून चालत एकटेच बोळात शिरले. मी मागे गेले तर हातानंच थांब म्हणाले. भिंत चाचपत दहा पावलं गेले, थांबले, परत आले. घरी येऊन त्यांनी ट्रंक उघडली, पहिल्या अर्जाची नक्कल काढली आणि डोळ्याला भिडवून मोठ्यानं वाचली. बोळात चार खांब, चार दिवे. मग तो कागद घडी करून चावीबरोबर खिशात ठेवला.

"उद्यापास्नं लावायचा न्हाई," ते म्हणाले.

शनिवारी वस्तीत अंधार झाला आणि पहिला ओरडला तो मिलिंद. हा माझ्या चुलतभावाचा मुलगा, पोलीस भरतीची तयारी करणारा, दिव्याखाली रोज व्यायाम करणारा. "आबा, आयता उजेड आलाय तर घालवताय कशापायी? पुन्हा देत्याल व्हय ते?" त्याचंही खोटं नव्हतं. पारूबाईनं प्लास्टरचा हात त्याच्या नाकासमोर धरला. "ह्यो बग तुजा उजेड. बोळात ये माज्या संगट, दावती." आबांनी तेवढ्यापुरते दिवे लावले आणि मिलिंद त्या उजेडातून बोळात गेला. पाच मिनिटांनी गुडघ्यापर्यंत गटारात माखून आला आणि त्यानंच बटण बंद केलं.

सोमवारी मानसिंग गाडी घेऊन आले. या वेळी फेटा नव्हता. "आबा, पंचवीस वर्सं दिवा दिवा करत व्हता. आता दिला तर बंद ठिवताय? ह्यो सरकारचा अपमान हाय!"

"बस," आबा म्हणाले. "मी रातच्याला रूळ तपासत सोळा-सोळा किलोमीटर चाललोय. कंदील कुठं धरत्यात ठावं हाय का तुला? खाली. पायाजवळ. कंदील डोळ्याम्होरं धरणारा गँगमन गाडीखाली जातो. तुमी ह्यो दिवा रस्त्यानं जाणाऱ्याला वस्ती दावायला लावलाय. मी मागितला व्हता बायांच्या पायाखाली." त्यांनी अर्जाची नक्कल पुढं केली. मानसिंगांनी ती हातात घेतली नाही.

"कुलूप तोडून चालू करीन."

"तोड की. येताना फोटोवाल्याला घिऊन ये."

मानसिंग माझ्याकडे बघून म्हणाले, "ह्ये सगळं मॅडमचं डोकं हाय."

"हो," मी म्हटलं. "आणि अंधार कशाला पाहिजे ते विचारत होतात ना? अमावास्येला आठ वाजता या, दाखवते. पण त्याआधी साताला या. दोन घागरी घ्या आणि त्या बोळातून नळापर्यंत जाऊन या." त्या दिवशी पहिल्यांदा वस्ती हसली. ते गाडीत बसले आणि दार आपटून गेले.

कुलूप कुणी तोडलं नाही. चार खांबही कुणी आणले नाहीत. ग्रामसेवकांनी अर्ज पुन्हा द्या, नव्या नमुन्यात द्या, असं कळवलं. नव्या नमुन्यात! मी त्या दिवशी शाळेत तीन खडू मोडले.

एकोणीस तारखेला साताला आबा नेहमीसारखे निघाले. त्या आठवडाभर ते आपला जुना रेल्वेचा कंदील घेऊन बोळात चालत होते, कंदील गुडघ्याच्या खाली, आणि मागे घागरी घेतलेल्या बाया रांगेत. मी पारूबाईची घागर उचलून मागून चालले. प्रत्येक दगड दिसत होता. चौऱ्याऐंशी वर्षांच्या म्हाताऱ्यानं जे केलं ते पंचायतीला पंचवीस वर्षांत जमलं नव्हतं.

पाणी भरून झाल्यावर मी दुर्बीण काढली. अर्धा तास बसले. मीन रास जागेवर होती. दुर्बीण डोक्यावर अडली, मी ती ढकलत, फिरवत, शिव्या देत त्या ताऱ्यापाशी नेली आणि नजर थोडी बाजूला ठेवली. बऱ्याच वेळानं ती आली. फळ्यावर खडूचा डाग बोटानं पुसल्यावर उरतो तेवढीच, मध्ये जराशी उजळ. एकशे दहावी. मी लाल उजेडात चित्र काढलं, तारीख लिहिली, वेळ लिहिली. तिसऱ्या रकान्यात सवयीनं "उ" लिहिला आणि हात थांबला.

मी वही उलटी चाळली. उत्तम. उत्तम. अति उत्तम. तारखा माझ्याच अक्षरातल्या. त्या प्रत्येक तारखेला साताला पारूबाई त्या बोळातून गेली होती, आबांचा अर्ज पंचायतीत पडून होता, आणि मी शेरा मारत होते. मला माझी इतकी चीड कधीच आली नव्हती.

"दिसलं का गं?" आतून आबांनी विचारलं.

"दिसलं, आबा."

मी तो "उ" खोडला आणि रकान्यात लिहिलं: दिवा बंद आहे. चावी आबांकडे आहे. बोळात खांब अजून नाहीत.