काळा ट्रे आणि शेंगदाण्याची बुडवण

मी एक जुना ट्रे आहे, भट्टीत भाजायचा. गच्चीवर कोरफडीच्या कुंडीखाली जो गंजका पत्रा दिसतो, तोच मी. नाक मुरडू नका मित्रांनो. एके काळी माझ्या जिवावर एक दुकान चालत होते.

कारखान्यात यंत्राने दाबून माझ्या चारही कडा वर उचलल्या आणि काकूंनी मला विकत आणले. काकू एकट्याच राहत आणि केळ्याचे काप भाजून विकत. भाजीची हिरवी केळी सोलायची, पातळ तिरपे काप करायचे, त्यांना तेल, तिखट, मीठ आणि जिरेपूड चोळायची, मग माझ्यावर एकेक सुटा मांडायचा. तळणे नाही. मला साबण मात्र कधीच नाही. कोरड्या फडक्याने पुसायचे, तेलाचा हात फिरवायचा, झाले. असे होता होता मी काळा कुळकुळीत झालो. त्या काळेपणामुळेच काप चिकटत नसत आणि खालून कुरकुरीत होत. हे काकूंनी कोणालाच सांगितले नव्हते. दुसरे कोणी शिकेल, ही त्यांना भीती.

मग शेजारच्या खोलीत शिंपीणताई राहायला आली. तिचे आजोळ आफ्रिकेतले. तिकडच्या आजीसारखी एक चटणी ती करायची: भाजलेले शेंगदाणे, टोमॅटो, आले आणि लाल मिरची वाटून तेल सुटेपर्यंत शिजवलेली. काप तिच्यात बुडवून खायचे, म्हणून काकू तिला ‘बुडवण’ म्हणू लागल्या. दोघींनी भागीत विक्री सुरू केली. गिऱ्हाईक आधी बुडवण चाटूनपुसून संपवायचे आणि मग आणखी मागायचे. काकूंना इतके हसताना मी पूर्वी कधी पाहिले नव्हते.

एका मोठ्या उपाहारगृहाचा मालक चव घ्यायला येणार असे ठरले. त्याला पसंत पडले असते तर दोघींना रोजचे काम आणि मोठी जागा मिळाली असती. आदल्या दिवशी शिंपीणताईने शेंगदाणे भाजायला मला उसने नेले. उसने भांडे लखलखीत करून परत द्यायचे, ही तिच्या आईची शिकवण. तारेच्या घासणीने तिने मला घासघासून घासले. बोटे सोलवटली तरी ती खुशीत होती. मला ओरडायला तोंड नव्हते.

तिने मला आणून दिले तेव्हा पाहुणा दारात उभा होता. दुसरा ट्रे नव्हता. काप माझ्या उघड्या अंगाला चिकटले. उलथन्याने खरवडले तर निम्मे तुटले, उरलेले खालून करपले. मालकाने एक काप खाल्ला, पाणी प्यायला आणि “बघू, कळवतो” म्हणून गेला.

“हे काय करून ठेवलंस?” काकू कडाडल्या.

“काळा झाला होता, काकू. एवढा मोठा माणूस येणार, म्हणून घासला.”

“मी सांगितलं होतं का घासायला?”

“घासू नको असंही कुठं सांगितलं होतं?”

खरे तर गोष्ट इथेच मिटायला हवी होती. पण काकूंच्या जिभेला हाड नाही. “तुला पहिल्यापासून माझं वाटोळंच करायचं होतं,” त्या म्हणाल्या. शिंपीणताई निघून गेली.

थोड्याच दिवसांत तिने खोली सोडली. जाताना काकूंच्या दारात बुडवणीने भरलेला वाडगा ठेवून गेली. काकूंनी दार उघडले तोवर सामानाचा टेम्पो वळणावर दिसेनासा झाला होता.

आता काकूंकडे नवा ट्रे आहे. नुसत्या कापांना गिऱ्हाईक फिरकत नाही. मला मात्र कुंडीखाली सारले. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ते हेच. मी पुन्हा काळपट झालो आहे, पण हा रंग गंजाचा आहे, कोणाच्या उपयोगाचा नाही.

मित्रांनो, दुसऱ्याचे भांडे घासण्याआधी विचारा. आणि ज्यांच्या खांद्याला खांदा लावून काम करता, त्यांच्यापासून कामाची गोष्ट लपवू नका. लपवलीत, तर मग त्यांच्यावर ओरडायचा हक्क राहत नाही.

तो वाडगा काकू रोज गच्चीवरच्या नळाखाली घासतात. लखलखीत करतात. पण परत कुठे द्यायचा, हे त्यांना ठाऊक नाही.