रत्नाने सांगितलेला सिनेमा

दर एप्रिलमध्ये मिशिगनमधल्या आमच्या ट्रॉय गावात भारताच्या दक्षिणेकडच्या चार भाषांतल्या सिनेमांना बक्षिसं देण्याचा सोहळा होतो. त्या सोहळ्यात मी वीसेक वर्षं खुर्च्या मांडल्या, पार्किंगमध्ये हात दाखवत उभा राहिलो, माइकच्या वायरी गुंडाळल्या. मला या चारांपैकी एकही भाषा येत नाही. मी सांगलीचा. कन्नडमधले पंधरा-वीस शब्द येतात, त्यातले निम्मे भाज्यांचे आणि उरलेले रागावण्याचे. तरी मी दर वर्षी हजर असायचो, कारण हा सोहळा माझ्या बायकोने सुरू केला होता.

रत्ना धारवाडची. सांगलीत मुलींच्या शाळेत गणित शिकवायला आली आणि तिथेच आमचं जमलं. मराठी तिला माझ्याइतकंच येत होतं, फक्त चिडली की हेल धारवाडचा लागायचा. ट्रॉयला आल्यावर तिने चारी भाषांची माणसं गोळा केली, त्यांची भांडणं मिटवली आणि वर्षाला एक सोहळा त्यांच्या गळ्यात मारला. नंतर सगळे म्हणायला लागले की कल्पना आमचीच होती. ती हसायची आणि इडलीचं पीठ भिजवायला निघून जायची.

सोहळा काही डोळे दिपवणारा नसतो. हायस्कूलचं भाड्याने घेतलेलं सभागृह, पत्रिकेत दुपारी दोनची वेळ, प्रत्यक्षात सव्वातीन, चार भाषांचे चार निवेदक आणि आधी कोणी बोलायचं यावरून दर वर्षी तीच धुसफूस. नट-नट्या येत नाहीत. ते फोनवर व्हिडिओ काढून पाठवतात आणि त्यात आम्हाला शिकागोवाले म्हणतात. मग त्यांच्या वतीने गावातलाच कोणीतरी उठून बक्षीस घेतो. मी स्वतः एका मल्याळम खलनायकाच्या, दोन तेलुगू संगीतकारांच्या आणि एका तमिळ नृत्यदिग्दर्शिकेच्या वतीने टाळ्या घेतल्या आहेत. हसायला काही हरकत नाही, पण त्या क्षणी छाती फुगते ती फुगतेच.

परीक्षक म्हणजे आमची दहा घरं. जानेवारीपासून मार्चपर्यंत, बाहेर बर्फ साचलेला असताना, दर रविवारी दुपारी आमच्या बेसमेंटमध्ये जमून सिनेमे बघायचे आणि गुण द्यायचे. मी सोफ्याच्या टोकाला, रत्ना माझ्या उजव्या कानाशी. ती हळू आवाजात मराठीत सांगत जायची. पुढे पडद्याखाली इंग्रजी ओळी यायला लागल्या तेव्हा मी म्हटलं, आता मी वाचतो, तू निवांत बघ. तिने ऐकलं नाही. खाली इंग्रजीत ‘थांब’ एवढंच लिहिलेलं असायचं आणि ही मला सांगायची, तो म्हणतोय, थांब की गं, इतकी वर्षं थांबलीस, आता पाच मिनिटांनी काय बिघडतंय. मी वाचायचं सोडून दिलं. तिचा सिनेमा जास्त चांगला असायचा.

या सगळ्या बक्षिसांत एक बक्षीस जुन्या सिनेमाला असतं. त्याच्या मतदानाला रत्ना दर वर्षी एकाच सिनेमासाठी हात वर करायची. सत्तरच्या दशकातला कन्नड सिनेमा. त्याचं नाव उच्चारताना मी अजून अडखळतो, तेव्हा लिहायच्या फंदात पडत नाही. नियम असा होता की परीक्षकांनी बघितल्याशिवाय बक्षीस नाही, आणि त्या सिनेमाची प्रिंट कुठेच मिळत नव्हती. कॅसेट निघाली नाही, सीडी निघाली नाही. तरी हिचा हात दर वर्षी वर. एकदा मी वैतागून म्हणालो, अगं, हरणाऱ्या घोड्यावर किती वर्षं पैसे लावशील? ती म्हणाली, माझा हात आहे, मी वर करीन.

तो सिनेमा आम्ही दोघांनी एकत्र बघितला होता. सन एकोणऐंशी. लग्नाला दोन वर्षं झाली होती. मिशिगनमधल्या एका मोटार कंपनीचं पत्र मला आलं होतं आणि त्यावर आमच्यात नीट बोलणं झालं नव्हतं. विषय निघाला की रत्ना उठून काहीतरी आवरायला लागायची. त्यातच आम्ही तिच्या माहेरी गेलो आणि ती मला दुपारच्या खेळाला घेऊन गेली. सिनेमात एक शाळामास्तर असतो. त्याची बदली खूप लांब होते. तो बायकोला विचारतो, येशील ना? ती स्वयंपाकघराच्या दारात उभी असते. बराच वेळ काही बोलत नाही आणि मग एक लांबलचक वाक्य बोलते. पुढच्या रांगेतल्या एका बाईने डोळ्यांना पदर लावला. मी रत्नाला कोपराने ढोसलं आणि विचारलं, काय म्हणाली? रत्ना पडद्याकडे बघत म्हणाली, “ती म्हणतेय, त्यात विचारायचं काय? तुम्ही न्याल तिथे मी येणार.”

पुढच्या दृश्यात मास्तर ट्रंक उचलून चालू लागतो आणि बायको मागून जाते. मला माझं उत्तर मिळालं. बाहेर आल्यावर मी रत्नाला निघायची तारीख सांगितली. तिला काही विचारलं नाही. तिनेच सांगून टाकलं होतं, आता विचारायचं काय उरलं होतं?

त्या एका वाक्यावर मी सेहेचाळीस वर्षं काढली. इथे तिची पदवी चालली नाही आणि गणित शिकवणारी बाई लायब्ररीत पुस्तकं रचायला लागली, तेव्हा मी ते वाक्य आठवलं. तिचे वडील गेले आणि आमचे कागद अडकल्यामुळे ती जाऊ शकली नाही, तीन दिवस जेवली नाही, तेव्हाही आठवलं. मी हिला ओढत आणलं का, हा प्रश्न मनात आला की मी स्वतःला सांगायचो, छे, ती आपणहून आली, तिच्या तोंडूनच आलंय. कोणाकडे जेवायला गेलो की हा किस्सा मी सांगायचोच. वाक्य रत्नाच्या आवाजात म्हणून दाखवायचो. आमची कन्नड मित्रमंडळी मान खाली घालून ऐकायची. मला वाटायचं, यांना गहिवरून येतं.

गेल्याच्या गेल्या हिवाळ्यात रत्ना गेली. न्यूमोनियाचं निमित्त झालं. मी बेसमेंट बंद करून टाकलं, परीक्षक दुसऱ्या घरी जमायला लागले. रविवारी दुपारी काय करायचं ते मला अजून समजलेलं नाही.

या जानेवारीत कुमारचा फोन आला. कुमार म्हणजे सोहळ्याचा सध्याचा अध्यक्ष, साठीचा, कन्नडच, पण बेळगावचा असल्यामुळे माझ्याशी मराठीत बोलतो. त्या सिनेमाची प्रिंट तिकडे एका जुन्या टूरिंग टॉकीजवाल्याच्या घरी सापडली होती. कोणीतरी ती स्वच्छ करून, खाली इंग्रजी ओळी घालून दिली होती. परीक्षकांनी बघितली आणि सगळेच्या सगळे हात वर गेले. दिग्दर्शक हयात नाही, घरचं कोणी येणार नाही, तर बक्षीस त्यांच्या वतीने मी घ्यावं आणि रत्नाबद्दल दोन शब्द बोलावेत, असं सगळ्यांनी ठरवलं होतं. कुमार म्हणाला की हवी तर तो प्रसंग आधी पाठवतो, बघून घ्या. पुढच्या आठवड्यात त्याने पुन्हा तेच विचारलं. मी म्हटलं, अरे, मला तो प्रसंग पाठ आहे.

दोन महिने मी दोन मिनिटांच्या भाषणावर मेहनत घेत होतो. शेवट अर्थात त्या वाक्यावर. ते सगळ्या सभागृहासमोर म्हणायचं आणि म्हणायचं की ही माझी रत्ना होती. मला ते फार हवं होतं. जी बाई माझ्यासाठी सगळं सोडून आली, ती आनंदाने आली होती, हे एकदा सहाशे माणसांसमोर बोललं की माझ्या मनातला तो प्रश्न कायमचा मिटेल असं मला वाटत होतं. माझी मुलगी निधी दुसऱ्या राज्यातल्या कॅरीहून त्यासाठी विमानाने आली. तिने माझा सूट इस्त्री करून आणला आणि भाषण दोनदा ऐकून घेतलं.

सोहळ्याच्या शनिवारी आम्ही पहिल्या रांगेत बसलो. एका बाजूला निधी, दुसऱ्या बाजूला कुमार. जुन्या सिनेमाचा क्रम आला, दिवे मंद झाले आणि पडद्यावर तेच स्वयंपाकघराचं दार. मास्तर मला वाटत होता त्यापेक्षा फार तरुण निघाला, तिशीचासुद्धा नसेल. त्याने विचारलं. मी ओठांतल्या ओठांत रत्नाचं वाक्य म्हणायला लागलो आणि खाली इंग्रजी ओळी आल्या. त्यांचा अर्थ असा होता: मला विचारू नका. विचारलंत तर मी नाही म्हणेन. ट्रंक उचला आणि चालू लागा, मी मागून येईन.

आधी मला वाटलं, भाषांतर करणाऱ्याने घोळ घातला. मी कुमारच्या कानाशी वाकलो.

“हे असंच आहे का रे? ती असंच म्हणते?”

“हो काका. असंच आहे. आमच्याकडे बायका अजून ते वाक्य मारतात नवऱ्यांना.”

“म्हणजे तुला माहीत होतं.”

कुमार बुटांकडे बघत राहिला. “सगळ्यांनाच माहीत होतं, काका. तुम्ही तो किस्सा सांगायला लागलात की रत्नाक्का आमच्याकडे एकदा बघायच्या. मग कोण बोलणार?”

दिवे लागले. माझं नाव पुकारलं गेलं. निधीने माझ्या पाठीवर हात ठेवला आणि मी उठलो. पायऱ्या चार होत्या, मला त्या पंधरा वाटल्या. कोणीतरी माझ्या हातात ट्रॉफी दिली. खिशातला कागद मी काढला, उलगडला आणि परत घडी घातली. समोर कितीतरी ओळखीचे चेहरे होते. आमच्या घरी जेवलेली, बेसमेंटमध्ये बूट काढून बसलेली माणसं. ती सगळी माझ्याकडे काळजीने बघत होती. मला पहिल्यांदाच समजलं की त्या मान खाली घालण्यात गहिवर नव्हता, माझी कीव होती.

मी इंग्रजीतच बोललो, कारण चारी भाषांना समजेल असं आमच्यात तेवढंच आहे. म्हणालो, या सिनेमातलं एक वाक्य मी तुम्हाला वर्षानुवर्षं ऐकवलं. ते चुकीचं होतं. ते मला रत्नाने सांगितलं होतं. खरं वाक्य आज मी वाचलं. तुम्हाला सगळ्यांना ते येत होतं आणि एकानेही मला दुरुस्त केलं नाही, कारण तिला ते नको होतं. तुम्ही तिचं ऐकलंत, तुमचे आभार. हे बक्षीस तिला हवं होतं.

थोडे लोक हसले. मग टाळ्या सुरू झाल्या आणि थांबेनात. मागच्या रांगांतल्या बायका उभ्या राहिल्या. मी आजवर पुष्कळांच्या वतीने टाळ्या घेतल्या, पण या घेताना मला मान वर करवेना.

खाली येऊन बसलो. स्टेजवर तेलुगू निवेदिकेने पुढचा क्रम सुरू केला होता. निधी माझ्याकडे न बघता म्हणाली, “बाबा, सो यू नेव्हर आस्क्ड हर?”

“नाही.”

“आणि विचारलं असतंस तर? आई नो म्हणाली असती?”

“म्हणाली असती.”

“देन यू वुड हॅव स्टेड. राइट?”

तिने आता माझ्याकडे बघितलं. तिचे डोळे रत्नासारखे आहेत, असं लोक म्हणतात ते मला आजवर कधी पटलं नव्हतं. हो म्हणणं अगदी सोपं होतं. तिला तेच ऐकायचं होतं, आणि खरं सांगायचं तर मलाही. इतकी वर्षं मी स्वतःला तेच ऐकवत आलो होतो, की ती नाही म्हणाली असती तर मी सांगलीतच राहिलो असतो.

“नाही गं,” मी म्हणालो. “कंपनीला माझा होकार मी धारवाडला जायच्या आठ दिवस आधीच पोस्टात टाकला होता. रजिस्टर्डने. तिला न सांगता.”

“अँड शी डिडन्ट नो?”

“तिला माहीत होतं. रजिस्टरची पावती माझ्या शर्टात राहिली होती. शर्ट भिजवताना तिने ती काढली आणि टेबलावर पाण्याच्या तांब्याखाली ठेवली, उडू नये म्हणून. मी ती उचलून घेतली. ती काही बोलली नाही, मीही बोललो नाही. दुसऱ्या दिवशी म्हणाली, धारवाडला जाऊन येऊ या, एक सिनेमा लागलाय.”

निधीने माझ्या मांडीवरची ट्रॉफी उचलून स्वतःच्या मांडीवर घेतली आणि दोन्ही हातांनी धरून ठेवली. मी रडत होतो. पलीकडे कुमारने खिशातून रुमाल काढून माझ्यापुढे धरला, आणि मी तो घेतला.