किलोमागे एक सेंट

आमच्या जॅमचा भाव दर वर्षी मी काढते आणि दर वर्षी माझं डोकं फिरतं. फळ, साखर, बरण्या, झाकणं, बायकांचे पगार, बंदरापर्यंतचं भाडं, सगळं मांडून किलोला एक आकडा येतो. तो दलालाला कळवायचा. दलाल तो समुद्रापलीकडच्या दुकानवाल्यांपुढे ठेवतो, आणि ते वर्षभराची ऑर्डर देतात किंवा देत नाहीत. चव बरी की वाईट याच्याशी त्यांना देणंघेणं नसतं, स्वस्त ते उचलायचं. ती एक ऑर्डर म्हणजेच आमचा कारखाना. ती गेली की तेरा बायका, मी आणि आई, सगळ्या घरी. इथल्या बाजारात आमच्या जर्दाळूच्या जॅमला कुत्रंही विचारत नाही.

बाबा होते तेव्हा भाव मी काढायचे आणि पाठवायचे ते. पाठवताना न चुकता किलोमागे एक सेंट कमी करायचे. म्हणायचे, "गिऱ्हाईक खूश होतं गं, आपलं काय जातंय?" काय जातंय! वीस हजार किलोला दोनशे डॉलर जातात. एका बाईचा महिन्याचा पगार. अकरा वर्षं भांडले मी त्या एका सेंटवरून. चार वर्षांपूर्वी बाबा गेले, आणि खरं सांगते, रडून झाल्यावर पहिला विचार आला तो हाच, की आता माझा आकडा जसाच्या तसा जाईल.

या वर्षी मी कळवलं, दोन डॉलर चौतीस सेंट. दुसऱ्या दिवशी दलालाचा फोन.

"मॅडम, कुणीतरी नवीन आलाय. दोन तेहतीस म्हणतोय."

"म्हणू दे. माझा दोन तीस लिहा."

तासाभराने परत फोन. "त्याचा दोन एकोणतीस."

"तुम्ही माझा आकडा बाहेर फोडताय का हो?" मी सरळच विचारलं.

"आईशप्पथ नाही, मॅडम. त्याचं पाकीट तुमच्या फोनच्या आधीच येऊन पडलेलं असतं. मी उघडतो तेवढं नंतर."

 माझ्याकडे भीतीपेक्षा राग नेहमीच आधी पोचतो. बघू तरी कोण हा शहाणा, म्हणून त्याची नमुन्याची बरणी मागवली.

दुसऱ्या कुणाची बरणी आली की ती आधी आईपुढे ठेवायची, अशी आमच्याकडे पद्धत आहे. कढई कधी उतरवायची ते आई ठरवते. भिंतीवर तापमापक आहे, साखर मोजायचं यंत्र आहे, पण ती भट्टीशेजारच्या खुर्चीवर डोळे मिटून बसते, उकळीचा आवाज ऐकते आणि म्हणते, "उतरवा." आजवर एक कढई चुकलेली नाही. दुसऱ्यांचा जॅम चाखला की त्यात कुठे गडबड झाली ते ती अचूक सांगते, आणि आम्ही सगळ्या जणी दात काढतो.

बरणीवर फळाचं नाव आणि वजन होतं. पत्ता नव्हता. झाकण काढलं तर वरच जर्दाळूच्या बीतला सोललेला गर. बाबा प्रत्येक बरणीत असा एक टाकायचे. ते गेल्यावर तपासणीसाने हरकत घेतली म्हणून मीच ते बंद केलं होतं.

आईने चमचाभर जॅम तोंडात घोळवला. "दोन मिनिटं लवकर उतरवलाय. घाई. जन्मभर नुसती घाई."

"कुणाची?"

"तुझ्या बाबांची. आणखी कुणाची?"

कुणी हसलं नाही. फळं चिरणाऱ्या बायकांच्या सुऱ्या थांबल्या. आई मात्र चमचा चाटत होती, बाबा परगावी गेलेत आणि तिथून त्यांनी बरणी पाठवलीय, इतक्या सहज.

मी घाबरायला हवं होतं. मी चिडले. मेल्यावरसुद्धा माझाच भाव पाडायचा? त्या तिरीमिरीत दलालाला फोन लावला. "सांगा तुमच्या नव्या माणसाला, जॅम पावावरून ओघळतोय. आधी शिजवायला शिका म्हणावं."

चार दिवसांनी दुसरी बरणी आली. आता जॅम चमच्याला घट्ट धरून बसला होता.

"आता जास्त शिजला," आई म्हणाली. मग चमचा खाली ठेवत, "जमत नाहीये त्यांना. कुणी सांगणारं नाही ना तिथे."

ते 'तिथे' ऐकताच मी बरणीचं झाकण लावून टाकलं. मी विषय बदलला.

भाव घसरतच राहिला. मी दोन पंधरा, तो दोन चौदा. मी दोन डॉलर, तो एक नव्व्याण्णव. एकदा मी आकडा कुणालाच सांगितला नाही, नुसता मनात धरला. तरी दलालाचा फोन आलाच. सोमवारी शेवटचा आकडा द्यायचा होता आणि दोनच्या खाली जायचं तर पगारात हात घालण्यावाचून इलाज नव्हता. शनिवारी सकाळी मी यादी घेऊन बसले आणि एकेका नावापुढचा आकडा कमी करू लागले. आई कधी मागे येऊन उभी राहिली, कळलंच नाही.

"पोरींचे पगार कापतेस?"

"मग काय करू?" मी ओरडलेच. "काहीही सांगितलं तरी ते एक सेंट खाली बसलेलेच! मी कशी थांबवू त्यांना? तू सांग ना! तुझं तरी ऐकतायत का बघ. जा, सांग जाऊन!"

असं बोलले मी. स्वतःच्या आईला. माझ्या जिभेला हाड नाही.

ती रागावली नाही. तिने माझ्या गालावरून हात फिरवला. हात साखरेने चिकट झाला होता. "दोन चौतीसच होता ना तुझा?" एवढंच विचारलं.

"हो."

"बरं. सांगते."

ती भट्टीशेजारी जाऊन बसली आणि तिने डोळे मिटले. कढई रटरटत होती. बायका फडकी हातात घेऊन तिच्या तोंडाकडे बघत उभ्या राहिल्या. पाच मिनिटं गेली, दहा गेली. ती काही बोलेना. करपल्याचा वास आला तेव्हा आम्हाला कळलं.

रविवारी तिला पोचवून आलो. सोमवारी दलाल फोन न करता स्वतः आला. त्याला काही कळलेलं नव्हतं. चेहरा नुसता फुललेला.

"मॅडम, नशीब उघडलं तुमचं! त्या माणसाने भाव चढवला. दोन पस्तीस! आता तुम्ही दोन चौतीस म्हटलंत तरी ऑर्डर तुमचीच." त्याने पिशवीतून बरणी काढून माझ्यासमोर ठेवली. "ही पण आलीय सकाळी."

बरणी अजून कोमट होती. मी बोटानेच जॅम घेतला. ना ओघळत होता, ना चिकटत होता. एवढा नीट उतरवलेला जॅम जगात एकाच बाईला जमतो.

"त्यांना सांगा, मला नको ऑर्डर," मी म्हटलं. "एक डॉलर लिहा माझा. फुकट लिहा. पण तिला परत पाठवा म्हणावं."

"कुणाला, मॅडम?"

मी ती कोमट बरणी दोन्ही हातांत धरली. दलालाने अवघडून कागद पुढे ओढला. "मी... दोन चौतीस लिहू ना?"

दाराबाहेर तेरा जणी खाली मान घालून फळं चिरत होत्या.

"लिहा," मी म्हटलं.