इंचबाईनं लावलेली गाडी

त्या संध्याकाळी आईनं गाडी लावली ती नेहमीसारखीच, एका दमात. एका बाजूला इमारतीचा जाडजूड खांब, दुसऱ्या बाजूला शेजारच्या मॅनेजरकाकांच्या गाडीसाठी आखलेली पिवळी रेघ, आणि या दोहोंमध्ये जी काही फट उरली होती तिला इमारतीतले लोक पार्किंग म्हणत. आईनं मान मागे वळवली, डावा हात शेजारच्या सीटच्या पाठीवर टाकला आणि कपाटाचा खण आत सरकवावा तशी गाडी उलटी आत सरकवली.

इंजिन बंद करून तिनं लेकीकडे पाहिलं. "कशी लावली?"

"लागली," लेक म्हणाली. तिच्या मांडीवर बटाट्यांची पिशवी होती, पायाशी साबणांचा खोका होता आणि हातातल्या पुस्तकात बोट अडकवलेलं होतं. ग्रंथपालाची नोकरी करून घरी येतानाही ती पुस्तक सोडायची नाही.

"लागली म्हणजे काय? ठेच लागते, उचकी लागते. गाडी लावतात."

"बरं, लावलीस. उतरू का आता?"

"उतर. पोट आत घे, तुझ्या बाजूला खांब आहे."

कशी लावली हा प्रश्न आई गेली कित्येक वर्षं विचारत आली होती आणि लेक असंच काहीतरी उत्तर देत आली होती. आईला उत्तराची गरज आहे असं कधी वाटलंच नाही. जिला सबंध डेपो इंचबाई म्हणून ओळखायचा, तिला एका पुस्तकी मुलीचं शिफारसपत्र कशाला हवं?

आई शहराच्या बसवर ड्रायव्हर होती. जुन्या इस्पितळामागच्या बोळातून जाणारी बस कुणी मागायचं नाही, ती आईनं मागून घेतली होती. तिथं बस आणि भिंत यांच्यात एक इंच उरतो आणि तो इंचसुद्धा बाई वाया जाऊ देत नाहीत, असं तिच्या कंडक्टर मैत्रिणीनं एकदा डेपोत सांगितलं आणि नाव पडलं ते पडलंच. निवृत्त होईपर्यंत तिच्या हातून बसवर ओरखडा म्हणून उठला नाही. हे ती स्वतः कधी बोलून दाखवायची नाही. फक्त ते बोलून दाखवणारं कुणीतरी जवळपास असेल याची काळजी घ्यायची.

गाडीतून उतरली की आई गाडीला एक फेरी घालायची. डेपोतली सवय. बस ताब्यात घेताना आणि परत देताना सगळेच ड्रायव्हर फेरी घालतात, पण डोळ्यांनी. आई तळहातानं घालायची. पुढच्या दिव्यापासून मागच्या दिव्यापर्यंत हात पत्र्यावर सपाट ठेवून, सावकाश. त्या दिवशी रस्ता खणून ठेवलेला असल्यानं लाल गाडी पार मातकट झाली होती. आईचा हात फिरला तसा उजव्या बाजूच्या धुळीत एक लांब, लाल, स्वच्छ पट्टा उमटत गेला.

लेक बटाटे सावरत लिफ्टपाशी उभी होती. "आई, घोडा आहे का तो, थोपटत बसायला?"

"घोड्यापेक्षा बरी आहे. सांगितलेलं ऐकते. घरात कोण ऐकतंय माझं?" आईनं हात झटकला. "कसला अवतार झालाय हिचा. उद्या सकाळी धुते."

तेवढ्यात मॅनेजरकाकांची पांढरी गाडी फाटकातून आत आली आणि थबकली. काका बँकेत मॅनेजर होते. निवृत्त झाल्यावर त्यांनी हौसेनं ही लांबलचक गाडी घेतली आणि तेव्हापासून ते तिला जरा घाबरूनच असत. ती रेघेच्या आत घालणं हे त्यांचं एकट्याचं काम नव्हतंच. आई भिंतीला पाठ लावून उभी राहिली आणि दोन्ही हात वर करून बोलवू लागली.

"या साहेब, या. या, या. आता उजवीकडे. तुमचं उजवं, साहेब, माझं नाही! हां. आता सरळ. या… बस!"

काका घाम पुसत उतरले. "बाई, तुम्ही नसतात तर मी ही गाडी घेतलीच नसती."

"घेतली असतीत. दुकानातच ठेवली असतीत," आई म्हणाली. काका स्वतःच मोठ्यानं हसले.

दुसऱ्या दिवशी सकाळी आई उठली नाही. डॉक्टर म्हणाले, झोपेतच गेल्या, त्यांना कळलंही नसेल. आईला न कळता काही होऊ शकतं, हे लेकीला पटायला फार जड गेलं. 

पुढचे दिवस माणसांचे होते. माणसं आली, बसली, गेली. आईचा धाकटा भाऊ, म्हणजे मामा, मुक्कामालाच आला होता. चहा करणं, फोन घेणं, बिलं भरणं, सगळं त्यानं अंगावर घेतलं. रडू आलं की तो उठून काहीतरी दुरुस्त करायला लागायचा. स्वयंपाकघरातला गळका नळ झाला, दाराची कडी झाली, मग दुरुस्त करण्याजोगं काही उरलं नाही तेव्हा तो म्हणाला, "गाडी बरेच दिवस उभी आहे. बॅटरी उतरेल. बघून येतो."

परत आला तो वेगळाच चेहरा घेऊन.

"अगं, ताईच्या गाडीला ओरखडा आहे. उजव्या बाजूला. चांगला हातभर लांब."

"कसला ओरखडा?"

"कसला म्हणजे? घासलीय कुठेतरी." तो खुर्चीत बसला आणि एकाएकी हसायलाच लागला. हसता हसता त्याचे डोळे भरले. "ताईनं गाडी घासली! आयुष्यभर मला फाटकावरून बोलली ती, आणि शेवटी स्वतः…"

फाटकाची गोष्ट घरात सगळ्यांना पाठ होती. मामाला गाडी आईनंच शिकवली होती आणि शिकून झाल्याच्या आनंदात त्यानं स्वतःच्याच घराचं फाटक आडवं केलं होतं. तेव्हापासून आईचा फोन आला की तब्येतीआधी चौकशी व्हायची ती फाटकाची. "फाटक कसं आहे? उभं आहे ना?"

"हात कापत असणार गं तिचा," मामा आता हळू आवाजात म्हणाला. "शेवटी वय झालंच होतं. आपल्याला सांगितलं नसेल, लाज वाटली असेल. बिचारी."

आईला लोकांनी पुष्कळ काही म्हटलेलं लेकीनं ऐकलं होतं. खमकी, तोंडाळ, आगाऊ, एका साहेबानं तर चिडून बुलडोझर. बिचारी कुणी म्हटलं नव्हतं.

"उद्या डेपोतली मंडळी येणारेत ना," मामानं डोळे पुसले. "त्यांना सांगतो. इंचबाईचा एक इंच चुकला म्हणावं. हसतील बिचारे. तिच्या आठवणीत जरा हसू तरी येईल."

मामाच्या मनात काही वाईट नव्हतं, हीच पंचाईत होती. उद्या तो हे प्रेमानं सांगणार, रंगवून सांगणार. डेपोतली माणसं हळहळतील, हसतील आणि घरी जाऊन सांगतील. सगळं आयुष्य जिनं एक ओरखडा उठू दिला नाही, तिची गोष्ट यापुढे एका ओरखड्यानं संपत जाईल. लेकीनं पायात चपला सरकवल्या आणि लिफ्टची वाट न पाहता ती जिन्यानं खाली गेली.

गाडी आईनं लावली होती तशीच उभी होती. धुळीचा आणखी एक पातळ थर वर बसला होता. ओरखडा खरंच होता, मागच्या दारापासून चाकापर्यंत, रंग खरवडून पत्रा दिसेल इतका खोल. झाली असेल चूक? त्या संध्याकाळी आपण पुस्तकात डोकं घालून बसलो होतो. बाजारापाशी काही घासलं असतं तर आपल्याला कळलं असतं?

मग तिला पट्टा दिसला.

पुसट झाला होता, पण होता. पुढच्या दिव्यापासून मागच्या दिव्यापर्यंत गेलेला आईचा तळहात. तिरपं होऊन पाहिलं की चार बोटांच्या कडासुद्धा ओळखू येत होत्या. ओरखडा या पट्ट्याला तिरका छेदून गेला होता. तिथं पट्ट्याची कड फाटली होती, आजूबाजूची धूळ फरफटत त्याच्यावर आली होती.

ती खाली वाकली आणि तिनं पुन्हा पाहिलं. ग्रंथालयातली जुनी हस्तलिखितं हाताळण्यात तिचा जन्म गेला होता. कुठल्याही कागदावर ओळ आधी लिहिलेली असते, तिच्यावर काट नंतर मारली जाते. उलटं होत नाही.

"मामा!" तिनं जिन्यात जाऊन हाक मारली. तिचा आवाज एवढा चढलेला तिनं स्वतःच बऱ्याच वर्षांत ऐकला नव्हता. "मामा, खाली या. आत्ताच्या आत्ता."

मामा धावतच आला. त्याच्यामागून दोन दारं उघडल्याचा आवाज आला. मॅनेजरकाका हातात वर्तमानपत्र घेऊन जिन्याच्या वळणावर येऊन उभे राहिले.

"हा पट्टा बघा. हा आईचा हात आहे. गाडी लावून झाल्यावर तिनं फिरवला, मी इथं उभी होते, माझ्या डोळ्यांदेखत. आता ओरखडा बघा. तो पट्ट्याच्या वरून गेलाय."

मामानं चष्मा कपाळावर चढवला, खाली केला. "म्हणजे?"

"म्हणजे आईनं हात फिरवला तेव्हा ओरखडा नव्हता. आणि असता तर तिचा हात थांबला नसता का? मुंगी चालून गेली तरी तिला कळायचं. हात थांबला नाही, मामा. इथपासून इथपर्यंत, एकदाही थांबला नाही."

मामा ओणवा होऊन पट्ट्याकडे बघत राहिला. त्यानं बोट पुढे नेलं आणि लावायच्या आतच मागे घेतलं.

"मग कुणी…"

"ते मला माहीत नाही. आईनं नाही, एवढं पक्कं. उद्या कुणालाही काही सांगायचं असेल तर हे सांगा."

जिन्याच्या वळणावर वर्तमानपत्राची घडी मोडल्याचा आवाज झाला. मॅनेजरकाका एकेक पायरी उतरत खाली आले. त्यांचा चेहरा गाडी रेघेत घालताना व्हायचा तसाच झाला होता.

"माझी गाडी लागली तिला," ते म्हणाले.

ओणवा झालेला मामा सरळ उभा राहिला.

"त्या दिवशी, आम्ही सगळे बाईंना पोचवून परत आलो ना, तेव्हा. मी फाटकातून आत आलो. गाडी रेघेपाशी आणली आणि थांबलो. नेहमी थांबतो तसा. आता 'या साहेब' ऐकू येईल म्हणून." काकांनी भिंतीकडे पाहिलं. "मग लक्षात आलं. तशीच आत घातली. आवाज आला. उतरून बघायची हिंमत झाली नाही, बाळ. रोज म्हणतो आज सांगू, आणि तुमच्या दारापासून परत जातो. आणि आज दारापाशी आलो तेव्हा आतून यांचं बोलणं ऐकलं. हात कापत होता म्हणून. मी ऐकलं आणि गप्प बसणार होतो. बाईंनी मला एवढं सांभाळलं आणि मी माझी चूक त्यांच्या नावावर जाऊ देणार होतो."

लेकीला राग यायला हवा होता. ती त्याची वाट पाहत उभी राहिली, पण आलं ते दुसरंच काहीतरी, छातीत भरून, ताठ उभं राहायला लावणारं. आई नाही म्हटल्यावर या पार्किंगमध्ये पहिल्याच दिवशी गाड्या एकमेकींना घासल्या. आपली आई काय होती याचं याहून पक्कं प्रशस्तिपत्र डेपोनंही कधी दिलं नव्हतं.

"काका, चहा घ्यायला वर या," ती म्हणाली. "आणि उद्याही या. डेपोतली माणसं येणारेत. त्यांना हे तुम्हीच सांगा."

"सगळ्यांसमोर?"

"सगळ्यांसमोर. अगदी 'तुमचं उजवं, साहेब' पासून."

काकांनी मान हलवली आणि डोळे पुसले. मामानं घसा खाकरला. "मी सांगणार होतो तीच गोष्ट होती बरी," तो म्हणाला, पण त्याचा आवाज हलका झाला होता. "म्हणजे फाटकवाला मी एकटाच राहिलो."

"आता काका आहेत की जोडीला."

"ओरखडा मी भरून घेतो," काका घाईनं म्हणाले. "रंगवाला ओळखीचा आहे. आजच देऊ या गाडी."

"हो, चला, मी काढतो बाहेर," मामानं खिशातून किल्ली काढली.

"नको मामा," लेक म्हणाली. "समोर फाटक आहे."

काका फसकन हसले. मामानंही हसून किल्ली तिच्या हातात ठेवली. गाडी तिलाही आईनंच शिकवली होती. रंगवाल्याकडे जायचं तर गाडी आधी धुतली जाणार, हे तिला कळत होतं. आईनं धुते म्हटलंच होतं. धुवायला हवीच होती.

ती चालकाच्या दारापाशी गेली आणि तशीच थांबली. आईनं लावली त्यानंतर गाडी एकदाही हलली नव्हती. आता हलली की ही गाडी आईनं लावलेली राहणार नाही.

म्हणून तिनं नीट पाहून घेतलं. चाकं सरळ. आरसे मिटलेले. खांब आणि दार यांच्यात एका सडपातळ मुलीनं पोट आत घेऊन उतरावं एवढी जागा, पिवळी रेघ आणि चाक यांच्यात तळहाताएवढं अंतर, पुढे आणि मागे अगदी सारखं. मागे भिंतीशी किती उरलंय ते पाहायला ती वाकली आणि तिला हसू आलं. एक इंच असेल नसेल.

मग तिनं पुढच्या दिव्यापाशी, पट्ट्याच्या जरा वर, आपला तळहात पत्र्यावर सपाट ठेवला आणि सावकाश चालायला लागली. ओरखड्याच्या टोकाशी हात थांबला, ओलांडून पुढे गेला. मागच्या दिव्यापाशी ती उभी राहिली. मामा आणि काका बघत होते. बघू देत.

"छान लावलीस, आई," ती मोठ्यानं म्हणाली. "फार छान लावलीस. तुझ्यासारखी कुणालाच लावता येत नाही."