गोष्टी काढणारी सुरी

मी सुरी बोलतेय. दचकू नका, माझ्या अंगाला धार नाही. पिकलं केळंसुद्धा मी धड कापणार नाही, नुसतं चेंगरेन. माझ्या गावी मला यारुइन म्हणतात. यारुइन म्हणजे गोष्टी काढायची सुरी. गोष्ट सांगायची असते हे तुम्हाला ठाऊक आहेच. आमच्याकडे ती सांगता सांगता चिखलात काढायचीही असते.

माझा जन्म अलास्कातला, तिथल्या मूळच्या युपिक लोकांच्या एका लहानशा गावातला. तिथे नजर पोचेल तिथवर गवत, शेवाळ आणि पाणी, झाड म्हणून दिसायचं नाही. लाकूड येतं ते नदीतून, कुठल्या तरी लांबच्या रानातून वाहत वाहत. असाच एक ओंडका ओलिंका नावाच्या मुलीच्या वडिलांनी काठावर ओढून घेतला आणि लेकीसाठी त्यातून मला कोरलं. मुठीजवळ त्यांनी एक वर्तुळ काढलं आणि त्याच्या मधोमध ठिपका दिला. "हा डोळा," ते म्हणाले. "एल्ला बघायला." बाहेरची हवा, हे सगळं जग आणि माणसाचं भान, या तिन्हींना त्यांच्या बोलीत हा एकच शब्द आहे. एवढं अफाट काहीतरी एका शब्दात मावतं आणि तो शब्द दात पडलेल्या पोरीच्या तोंडात मावतो, याने मी तेव्हा थक्क झाले होते. खरं सांगते, अजून थक्कच आहे.

उन्हाळ्यात मुली नदीकाठी बसायच्या. ओलिंका तळहाताने चिखल सारवल्यासारखा सपाट करायची, आणि मी चालू लागायचे. चौकोन काढला की घर. घरात एक आजी, एक नात. आमच्या कितीतरी गोष्टी अशाच सुरू होतात. आजी सांगते, अमुक करू नकोस, आणि नात नेमकं तेच करते. एक प्रसंग झाला की हात फिरवून सगळं पुसायचं आणि त्याच चिखलावर पुढचा काढायचा. आत्ता होतं ते घर आत्ता नाही. पहिल्या पहिल्यांदा मला फार वाईट वाटायचं. मग दिसलं, की ओलिंकाने पुसलेली गोष्ट दुसऱ्या दिवशी तिची मैत्रीण काढतेय.

पुढे ओलिंका शाळेत गेली. तिथे फक्त इंग्रजी चालायची. कोणी आपली बोली बोललं की मास्तर त्याच्या तोंडात साबण घालत. ती घरी आली ती गप्प होऊनच. मी शिवणाच्या डब्यात पडले आणि तिचे केस पिकेपर्यंत तिथेच राहिले.

पण दिवस फिरतात. गावच्या शाळेत पुन्हा युपिक बोली शिकवू लागले, तेव्हा ओलिंका आजीने मला बाहेर काढलं. नातींसाठी तिने नव्या सुऱ्या करवून घेतल्या. त्या पोरींच्या घोळक्यात एक परकी बाईही चिखलात मांडी घालून बसायची. ही पुण्याची मैत्रेयी, शाळेत गणित शिकवायला आलेली. तिच्या उच्चारांना पोरी खिदळायच्या, ती पुन्हा म्हणायची, पोरी पुन्हा खिदळायच्या. ती गाव सोडून निघाली तेव्हा ओलिंकाने मला तिच्या हातात दिलं. "तुझ्या घरातल्या एखाद्या मुलीला दे," ती म्हणाली. "फक्त हिला मुकी ठेवू नकोस."

अशी मी सिंगापूरला आले. मैत्रेयीचा भाऊ प्रबोध इथे बँकेत आहे, सेंगकांगला त्याचा फ्लॅट आहे. त्याच्या अवनीला मैत्रेयीआत्याने टेबलावर कणीक पसरून माझी सगळी कला दाखवली आणि ती विमान पकडून गेली. अवनीची आई विनीता तेव्हा ऑफिसात होती. तिने संध्याकाळी मला पाहिलं, धुतलं आणि चमच्यांच्या ड्रॉवरमध्ये टाकलं. सँडविचला चटणी लावायला मी बरी पडायचे म्हणे. मिरची थेट डोळ्यात जायची. पण मुकं राहण्यापुढे तिचं काही वाटत नव्हतं.

त्याच घरात आणखी कोणीतरी मुकं होतं. प्रबोधची आई, शुभदाआजी, पुण्याहून राहायला आली होती. पोतडीत गोष्टी भरपूर, पण घ्यायला कोणी नाही. आजीने सुरुवात केली की अवनी मान वेळावून आपल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणायची, "आजी, टू फास्ट लाह. आय डोन्ट अंडरस्टँड." आजी हळू सांगायची, तरी तेच. मग अवनी टॅबलेट उघडायची.

"दसरा झाला की मी निघणार," एकदा भाजी निवडताना आजी विनीताला म्हणाली. "माझ्या आईने मला गोष्टी दिल्या. मी हिला एकही न देता जाणार बघ."

"व्हिडिओ कॉलवर सांगा ना, आई."

"समोर बसून कळत नाही तिला. फोनवर काय कळणार?"

ड्रॉवर थोडा उघडा होता, मी सगळं ऐकत होते.

आली खंडेनवमी. आजीने पाटावर लाल कापड घातलं आणि घरातली हत्यारं मांडली. सुऱ्या, कात्री, प्रबोधचा स्क्रूड्रायव्हर, त्याचा लॅपटॉपसुद्धा. त्यांच्या रांगेत मीही. जन्मात कोणाला ओरखडा काढला नाही, आणि शस्त्र म्हणून माझी पूजा! आजीने हळदकुंकू वाहिलं ते नेमकं माझ्या डोळ्यावर.

"आजी, धिस वन नॉट नाइफ," अवनी म्हणाली. "धिस वन फॉर स्टोरी."

"काय म्हणतेस बाळा?"

अवनीला सांगायचं होतं, पण शब्द मिळेनात. तिचे ओठ हलले, थांबले. तिला पहिल्यांदाच मी असं अडलेलं पाहिलं. शेवटी तिने पाटावरून मला उचललं, दुसऱ्या हाताने आजीचं बोट धरलं आणि दोघींना लिफ्टने खाली नेलं.

आता सिंगापुरात चिखल शोधणं म्हणजे गवताच्या गंजीत सुई शोधणं. फुटपाथ चकचकीत, खेळायच्या मैदानाला रबराची जमीन. ब्लॉकमागच्या कम्युनिटी गार्डनमध्ये मात्र वांग्यांच्या वाफ्याशी नुकतंच कोणी पाणी घातलं होतं. अवनी तिथे फतकल मारून बसली. तळहाताने माती सपाट केली, आणि इतक्या काळाने मी चालू लागले. एक चौकोन.

"हाऊस," अवनी म्हणाली.

"घर," आजी म्हणाली.

"घर." मग दोन माणसं, एक मोठं, एक छोटं. "आजी. अँड मी."

आजी माझ्याकडे बघत राहिली. मग साडी सावरून खाली बसली आणि तिने हात पुढे केला. रांगोळीच्या रेषा काढून काढून तयार झालेला तो हात, मला धरताना जरासुद्धा चाचपडला नाही. तिने विहीर काढली. "विहीर," ती म्हणाली. "आजीने सांगितलं, विहिरीत हाक मारू नकोस. विहीर आवाज ठेवून घेते. आणि नातीने काय केलं?"

माझं लाकूड शहारलं. एक आजी, एक नात, आणि करू नको ते करणं! पृथ्वीच्या या टोकाला, घामाने चिकट झालेल्या मुठीत, तीच गोष्ट माझी वाट पाहत होती. मी वर पाहिलं. ऊन, ढग, इमारती, आणि मातीने माखलेल्या या दोघी. एल्लाच की हे सगळं.

आजीने विहिरीच्या काठावर वाकलेली मुलगी काढली, तिचं उघडं तोंड काढलं. "हाक मारली. आणि तिचा आवाज पडला आत." आजीने हात फिरवून सगळं पुसलं आणि थांबली.

अवनीने पुसलेल्या मातीकडे पाहिलं. मग आजीकडे.

"मग?" ती म्हणाली.

आजीच्या डोळ्यांत पाणी आलं. तिने ते मातकट हातानेच पुसलं, आणि गोष्टीतल्या आजीने दोर सोडून नातीचा आवाज बादलीत कसा वर ओढला ते काढायला घेतलं.

दुसऱ्या दिवशी दसरा. आजीने पाटीवर सरस्वती काढली. सुऱ्या ड्रॉवरमध्ये परतल्या होत्या. मला मात्र तिने पाटीशेजारी, अवनीच्या पुस्तकावर ठेवलं. "हिची जागा ही," ती विनीताला म्हणाली. विनीताने मला दोन्ही हातांनी नीट सरळ केलं.

आता आजी पुण्याला आहे. मी अवनीच्या शाळेच्या बॅगेत असते, अंगावर वाळलेल्या मातीसकट. मला कुणी धुऊन कपाटात मांडू नका, एवढीच विनवणी. रविवारी आम्ही वांग्यांच्या वाफ्याशी बसतो. विनीता फोन मातीवर धरते. अवनी मोडक्यातोडक्या मराठीत सांगते आणि मी काढते: एक घर, एक आजी, एक नात, एक विहीर. मग अवनी हाताने सगळं पुसते आणि मुद्दाम थांबते.

फोनमधून आजीचा आवाज येतो, "मग?"