आपोआप निघालेलं पान

"दाबा तर खरं एंटर!" विनायकरावांच्या चेहऱ्यावर आनंद नुसता ओसंडत होता.

संजनाबाईंनी बटण दाबलं. काळ्या स्क्रीनवर मॅन्युअलचं पान झरझर उमटलं. प्रोग्रॅमचं नाव, तो काय करतो, कुठली कमांड कशी टाइप करायची, सगळं जिथल्या तिथे.

"पायथन भाषेत लिहिलंय. प्रोग्रॅममध्येच मी मदतीचा मजकूर टाकतो ना, तो उचलून हा नवा प्रोग्रॅम पान आपोआप तयार करतो. तुमची कटकटच मिटली! खास तुमच्यासाठी केलं."

"छानच झालंय," बाई म्हणाल्या.

ते अठ्ठ्याण्णव साल. पनवेलच्या टपाल नाक्याजवळच्या त्या इवल्याशा कंपनीत विनायकराव उरणच्या गोदामांसाठी प्रोग्रॅम लिहीत आणि संजनाबाई त्यांची मॅन्युअलं. रीत ठरलेली. दुपारी चहा आला की बाई आपली खुर्ची त्यांच्या टेबलापाशी ओढत आणि विचारत, "हं, हा काय करतो?" मग विनायकराव सांगत. सांगता सांगता गाडी गोदामावरून मोरा बंदरातल्या मासळीवर घसरे, तिथून त्यांच्या गेलेल्या बायकोवर, नाहीतर बाईंच्या राहून गेलेल्या लग्नावर. एकेका पानाला आठवडा लागे आणि घाई दोघांनाही नसे. आता या भल्या माणसाने एवढं मन लावून काय केलं, तर बाईंची तिथली खुर्चीच काढून घेतली! आणि त्याच्यावर रागवायचं तरी कसं?

नोकरी शाबूत होती. बाईंना पत्रव्यवहाराचं काम मिळालं. दुपारचा चहा त्या आपल्या टेबलावर एकट्याच घेऊ लागल्या. चहा त्याच टपरीवरचा, पण घशाखाली उतरेना. फार वाईट वाटायचं त्यांना, आणि सांगणार कुणाला?

पुढच्या आठवड्यात चहाच्या वेळी विनायकरावांनी लांबूनच हाक मारली. "संजनाबाई, नव्या प्रोग्रॅमचं पान जरा काढून बघता?"

बाईंनी काढलं. वर प्रोग्रॅमचं नाव आणि खाली सगळं कोरं.

"अहो, मदतीचा मजकूर टाकायला विसरलात की काय?"

"विसरलो नाही." विनायकराव कीबोर्डवरची धूळ पुसत बसले. "टाकलाच नाही. एकट्याला चहा जात नाही हो."

एका हातात कप धरून दुसऱ्या हाताने बाईंनी खुर्ची ओढली. लादीवर ती अशी करकरली की अख्ख्या ऑफिसने माना वर केल्या. बाई बसल्या, पदर सारखा केला.

"हं, हा काय करतो?"

विनायकरावांनी आपला कप जवळ ओढला आणि सांगायला सुरुवात केली.