बुक्कीशिवाय एक कप

मित्रांनो, मला भंगारात काढण्यात आले आहे. पण ही गोष्ट घडलेलीच नाही, असे धरून मी पुढे सांगणार आहे. तुम्हीही तसेच धरा, उगाच रडारड नको.

मी एक जुने कॉफीचे मशीन आहे. नाणे टाकले की मी कॉफी देते. निदान माझ्या अंगावर तसे लिहिलेले आहे. कारखान्यात माझ्या शेजारी वजनाची यंत्रे तयार होत. ती पुढे लोकांना खरे सांगून दुखवणार होती आणि मी गरम काहीतरी पाजणार होते, म्हणून मी जन्मापासूनच जरा तोऱ्यात असे.

मला एका रुग्णालयात, वॉर्डाच्या दारासमोर उभे केले. सुरुवातीला लोक म्हणत, "मशीन असावं तर असं!" मग माझी स्प्रिंग थकली आणि नाणे घशात अडकू लागले. कोणीतरी वैतागून माझ्या डाव्या कुशीत बुक्की मारली. नाणे उतरले, कॉफी आली. झाले! दुरुस्तीवाल्याला बोलावणे त्या दिवसापासून बंद.

मारण्याची प्रत्येकाची तऱ्हा वेगळी. सिस्टर कोपराने मारत. हाडांचे डॉक्टर आधी चाचपून "इथे दुखतं का?" असे विचारत आणि मग मारत. सफाईच्या मावशी जाता-येता कमरेने धक्का देत, नाणे न टाकताही.

फक्त एका आजोबांना मारणे जमेना. आजींचे ऑपरेशन झाल्यापासून ते समोरच्या बाकावर बसून असत. नाणे टाकून ते दारावर करावी तशी टकटक करत. "अहो, बघा जरा जमतंय का."

"मारा की, आजोबा!" मावशी म्हणत. "तुमच्या सासरचं माणूस आहे का ते?"

"सासरच्यांना तरी कुठे मारलं कधी," आजोबा म्हणत आणि नाणे सोडून परत बाकावर बसत.

आजी ऑपरेशनपासून भिंतीकडे तोंड करून पडल्या होत्या. खाईनात, बोलेनात. डॉक्टरही काळजीत होते. अशात एका सकाळी आजोबा धावतच आले. "कॉफी मागितली तिनं! स्वतःहून!"

नेमके तेव्हाच मोठे साहेब तपासणीला आले होते. मशीन चालले तर ठेवायचे, नाहीतर हलवायचे. साहेबांवर छाप पडावी म्हणून सिस्टरनी माझ्यावर पाटी लावून घेतली होती: 'यंत्रास मारू नये.' सगळे हात मागे बांधून उभे होते. म्हणजे मला चालवण्याचा एकमेव मार्ग त्यांनीच बंद केला होता.

"साहेब, आधी मी घेऊ?" आजोबांनी विचारले.

"घ्या, घ्या." साहेबांचा फोन वाजला आणि ते पाठ फिरवून बोलू लागले.

आजोबांनी नाणे टाकले. टकटक केली.

माझ्या स्प्रिंगमध्ये एकाच उडीचा दम होता, हे मला पक्के ठाऊक होते. साहेबांसाठी राखून ठेवला असता, तर मी राहिले असते. पण मी ठरवले. मला दात नाहीत, ओठ नाहीत, तरी दातओठ खाल्ले. कट्! कॉफी आली. स्प्रिंग गेली.

आजोबा कप सांभाळत आत पळाले. साहेबांनी फोन ठेवला, नाणे टाकले. मी ते गिळले आणि गप्प राहिले.

"साहेब, डावीकडे एक ठेवून द्या, चालेल," मावशी म्हणाल्या.

"मावशी, पाटी!" सिस्टर कुजबुजल्या.

"मीच चिकटवलीय ती. पण मशीनला कुठं वाचता येतं?"

"मार खाऊन चालणारं मशीन मी कोणत्या रकान्यात लिहू?" साहेब म्हणाले. "निकामी. हलवा."

तेवढ्यात आजोबा रिकामा कप नाचवत बाहेर आले. "संपवली! वर म्हणते, पांचट आहे! मलाच ओरडली, चांगली कॉफी आणता येत नाही म्हणून!" आणि बाकावर बसून ते लहान मुलासारखे हसू लागले.

मित्रांनो, थकलेल्याला बुक्की मारण्याआधी दुरुस्तीवाल्याला बोलवा. एवढे केलेत तरी पुष्कळ.

सबब, संबंधित कार्यालयास विनंती करण्यात येते की, सदर यंत्राच्या नावापुढील 'निकामी' हा शेरा तत्काळ रद्द करून त्या जागी 'पांचट' असा शेरा, आजींच्या सहीनिशी, नोंदवण्यात यावा.